दाखल्यांवर बिघडणारी आडनावे

संपादक महाशय,
स. न. वि. वि.

बारावीचा निकाल लागून प्रवेशांची धावपळ सुरू झाली की नागपुरातल्या सेतू केंद्रांपुढे आणि जात पडताळणीच्या कार्यालयापुढे रांगा लागतात. त्या रांगांत दरवर्षी असे काही विद्यार्थी दिसतात, ज्यांचे कागद सगळे जमलेले असतात, मात्र कागदागणिक आडनाव बदललेले असते. आजोबांच्या शाळेतील दाखल-खारीज रजिस्टरमध्ये ‘मडावी’, वडिलांच्या सातबाऱ्यावर ‘मडावी’ आणि मुलाच्या संगणकावरून निघालेल्या दाखल्यावर ‘मदवी’. बऱ्याच अर्जांत नाव आधी इंग्रजीत भरावे लागते आणि मराठीचा रकाना यंत्र आपल्या मनाने भरून टाकते. रोमन लिपीत ‘ड’ आणि ‘द’ यांना एकच अक्षर, ‘ल’ आणि ‘ळ’ यांनाही एकच; ऱ्हस्व-दीर्घाची तर गोष्टच सोडा. त्यामुळे ‘काळे’ यांचे ‘काले’ होतात, ‘आत्राम’ यांचे ‘अत्रम’ होतात आणि ‘वऱ्हाडपांडे’ यांचे जे काही होते ते छापण्याजोगे नसते. यंत्राला बोल लावण्यात अर्थ नाही. तो रकाना न वाचता खाली सही ठोकणाऱ्याला मात्र जाब विचारायला हवा.

ही केवळ शुद्धलेखनाची कुरकुर नाही. जातीच्या दाखल्याची पडताळणी करताना अनुसूचित जातींसाठी १० ऑगस्ट १९५०, अनुसूचित जमातींसाठी ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त व भटक्या जमातींसाठी २१ नोव्हेंबर १९६१ आणि इतर मागासवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७ या तारखांच्या आधीचे कागद महत्त्वाचे मानले जातात. म्हणजे पणजोबांच्या काळातील शाई आणि आजचा छापील दाखला यांची गाठ घालावी लागते. तिथे एक अक्षर हुकले की ‘नावात तफावत’ अशी त्रुटी निघते. मग प्रतिज्ञापत्र करा, राजपत्रात नाव छापून आणा, आणि तोवर प्रवेशाची मुदत निघून जाते.

विदर्भातील आडनावांना या गोंधळाची झळ अधिक बसते, कारण ती एका साच्यातली नाहीत. पश्चिम महाराष्ट्रात गावाच्या नावाला ‘कर’ जोडले की आडनाव झाले, असा सर्वसाधारण समज आहे. आपल्याकडे उमरेडकर आणि काटोलकर आहेतच. पण रामटेकचे रामटेके होतात, तुमसरचे तुमसरे, वैरागडचे वैरागडे आणि खुद्द नागपूरचे नागपुरे. ही आडनावे गाव सोडून गेलेल्यांची आहेत, कारण रामटेकात राहून शेजाऱ्याला कोण रामटेके म्हणणार? चंद्रपूर-गडचिरोलीकडे आणि यवतमाळच्या पट्ट्यात ‘वार’ लागतो. तो तेलुगूतील ‘वारु’, म्हणजे अमक्या घरची मंडळी असे आदरार्थी सांगणारा शब्द. तेलुगू रीतीप्रमाणे घराण्याचे नाव व्यक्तीच्या नावाआधी येते. मराठी मुलखात स्थिरावल्यावर ते मुकाट्याने मागे जाऊन बसले. ‘कोत्तपल्लीवार’ हे आडनाव मराठी डोळ्यांना कितीही अवघड दिसो, त्याचा अर्थ ‘नव्या गावचे’ इतका साधा आहे. यंत्राच्या हाती लागले की त्यातला एखादा ‘त’ किंवा ‘ल’ हमखास गळतो.

गोंड कुळनावांची गोष्ट आणखी वेगळी. ‘टेकाम’मध्ये टेका, म्हणजे सागाचे झाड आहे, ‘मरकाम’मध्ये मरका, म्हणजे आंबा. ‘मरसकोल्हे’ या आडनावात मराठी माणसाला लगेच कोल्हा दिसतो, परंतु गोंडीत ‘मर्स’ म्हणजे कुऱ्हाड. ‘मरसकोला’ असे मूळ रूप होते, त्यात मराठी कानाने कोल्हा आणून बसवला असावा. ही नावे हाक मारण्यापुरती नसतात. चार, पाच, सहा आणि सात देवांच्या गटांत ही कुळे वाटलेली असतात आणि सोयरीक जुळवताना आधी ते पाहिले जाते, कारण एका गटात लग्न होत नाही. आडनावाचे अक्षर बदलले तर समाजातला माणूस ओळखून घेईल, कचेरीतला घेणार नाही.

भोसल्यांच्या राजधानीत फारसी दरबारी शब्दही आडनावे होऊन राहिले. ‘नवीस’ म्हणजे लिहिणारा. त्यातून चिटणवीस आले आणि फडणवीसही. फडणवीसांतला ‘फड’ हा मुळात फारसी ‘फर्द’ म्हणजे यादी किंवा हिशेबाचा कागद, त्याचा तमाशाच्या किंवा कुस्तीच्या फडाशी काही संबंध नाही. महालात आपण ‘चिटणीस पार्क’ म्हणतो आणि सिव्हिल लाइन्समध्ये ‘चिटणवीस सेंटर’. शब्द एकच, दोन्ही रूपे रुळलेली. कोणी एकाने त्यांतले एक अशुद्ध ठरवले तर ते कोणते ठरवावे?

व्यक्तींच्या नावांबाबत माझ्याच शिक्षकी पेशातील काही मंडळींना ‘शुद्ध’ करण्याची हौस फार. जन्मवारावरून सोमा, मंगरू, बुधाजी अशी नावे ठेवण्याची आपल्याकडे रीत होती, आणि इतवारी, मंगळवारी, शुक्रवारी असे वारांवरून मोहल्ले वसवणाऱ्या शहराला तिचे नवल वाटू नये. मंगरूला शाळेत घालताना गुरुजी त्याचा ‘मंगेश’ करून टाकीत. मुले जगत नसली की दृष्ट लागू नये म्हणून कचरू, धोंडू, दगडू अशी नावे मुद्दाम ठेवली जात. यवलीच्या माणिक बंडोजी इंगळे यांना त्यांचे गुरू आडकोजी महाराज यांनी तुकड्या म्हटले. पुढे ‘तुकड्या म्हणे’ ही त्यांची भजनातील नाममुद्रा झाली आणि २००५ मध्ये आपल्या विद्यापीठाला राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांचे नाव देण्यात आले. ‘तुकड्या’ हे नाव अशोभनीय म्हणून खोडणारा एखादा कारकून त्या काळी भेटला नाही, हे आपले नशीब.

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी या शहरात झालेल्या धम्मदीक्षेनंतर घरोघरी सिद्धार्थ, राहुल, मिलिंद, सुजाता, यशोधरा, संघमित्रा आले. त्यांतला मिलिंद हा मूळचा ग्रीक राजा मिनँडर, पालीत मिलिंद होऊन आलेला. ही नावे आईबापांनी विचारपूर्वक निवडली होती, जुनी ओळख टाकून नवी घेण्याचा तो भाग होता. अशा घरातील धम्मपालचा ‘धर्मपाल’ आणि धम्मदीपचा ‘धर्मदीप’ करणारे आजही आहेत. ‘संस्कृतात धर्मच’ हे त्यांचे म्हणणे खरे असले तरी नाव पालीतले आहे आणि ज्याचे आहे त्याला ते पालीतच हवे आहे.

१ मे २०२४ पासून जन्मलेल्या बाळाचे नाव शासकीय कागदांवर स्वतःचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव आणि आडनाव या क्रमाने लिहायचे ठरले आहे. निर्णय योग्यच आहे. परंतु तीन जागांच्या चार जागा झाल्या म्हणजे चुकण्याची जागाही एकाने वाढली. म्हणून माझी विनंती इतकीच की अर्जात मराठीचा रकाना आधी असावा, तो अर्जदाराने किंवा त्याच्यासमोर बसलेल्या माणसाने जन्मदाखल्यावरून किंवा शाळेच्या दाखल्यावरून पाहून भरावा, आणि इंग्रजी रूप त्यावरून करावे. अंतिम छपाईपूर्वी नावाची कच्ची प्रत अर्जदाराला वाचायला द्यावी. वाचता येत नसेल त्याला वाचून दाखवावी. आणि चूक कार्यालयाची असेल तर प्रतिज्ञापत्राचा व राजपत्राचा खर्च विद्यार्थ्याच्या माथी मारू नये. जुना दाखला दाखवताच ती त्याच खिडकीवर दुरुस्त करून मिळावी.

कळावे,
आपला नम्र,
एक निवृत्त मराठी शिक्षक
महाल, नागपूर