फूड कोर्टात घरच्या चुलीलाही गाळा मिळावा

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

नाशिकमध्ये गेल्या काही वर्षांत खाद्यपदार्थांची एकत्रित दालने, ज्यांना आता सर्रास फूड कोर्ट म्हटले जाते, जागोजागी उभी राहिली आहेत आणि २०२७ च्या सिंहस्थ कुंभमेळ्याच्या निमित्ताने त्यांत आणखी भर पडेल, असे दिसते. ‘देशोदेशीची चव एका छताखाली’ अशा थाटाची जाहिरात करणाऱ्या या दालनांत शिरल्यावर मात्र तोच पिझ्झा, तेच मोमो आणि तीच शेजवान चटणी समोर येते, आणि गाळ्यांवरचे बहुतेक फलक साखळी कंपन्यांचे असतात. या दालनांतील निदान काही गाळे एकेका कुटुंबाने स्वतः चालवलेल्या व्यवसायांसाठी राखून ठेवावेत, अशी सूचना मी या पत्राद्वारे करू इच्छितो. ती सुचण्याचे कारण अमेरिकेतील एक आर्मेनियन स्टॉल आहे.

माझा मुलगा नोकरीनिमित्त लॉस एंजेलिस परिसरात राहतो. त्या परिसरातील ग्लेनडेल हे शहर आर्मेनियाबाहेरील आर्मेनियन वस्तीचे मोठे केंद्र म्हणून ओळखले जाते. मुलाच्या घराजवळच्या फूड कोर्टात मेक्सिकन, कोरियन, फिलिपिनो अशा स्टॉलच्या रांगेत एक आर्मेनियन कुटुंबाचा स्टॉल आहे. गल्ल्यावर मुलगा, तव्यापाशी सून आणि मागच्या बाजूला स्टुलावर बसून द्राक्षाची पाने भरणाऱ्या आजीबाई. मी निफाड तालुक्यातला द्राक्ष बागायतदार असल्यामुळे माझे लक्ष साहजिकच त्या पानांवर खिळले. त्या खारवलेले पान बरणीतून काढून पाण्यात धूत, देठ नखाने खुडत, चकचकीत बाजू खाली आणि शिरांची बाजू वर येईल असे पान पसरत, त्यावर तांदूळ, परतलेला कांदा आणि कोथिंबिरीसारख्या एका पाल्याचे सारण बोटभर ठेवत आणि दोन्ही कडा आत मुडपून पान इतके घट्ट वळत, की पातेल्यात एकावर एक रचून, वरून थाळी दाबून शिजवल्यावरही एकही गुंडाळी सुटत नसे. लिंबाचा रस आणि ऑलिव्हचे तेल घातलेला हा पदार्थ गार करूनच खातात. मांसाचे सारण भरलेली डोलमा, म्हणजे अशीच भरून वळलेली पाने, वेगळ्या भांड्यात असे.

मी माळकरी आहे. परक्या मुलखात आपल्याला काय खाता येईल, ही धास्ती मनात घेऊनच मी अशा ठिकाणी जातो. त्या स्टॉलवर ती धास्ती राहिली नाही, कारण ईस्टरपूर्वीच्या मोठ्या उपवासाच्या काळात मांस, दूध आणि अंडी वर्ज्य करण्याची आर्मेनियन चर्चची जुनी परंपरा आहे आणि त्यामुळे त्यांच्या स्वयंपाकात कडधान्ये, दलिया आणि भाज्या यांचे पदार्थ मुबलक आहेत. हरभरे, मसूर, राजमा आणि दलिया यांचे सारण कोबीच्या पानात भरून केलेली उपवासाची डोलमा त्या फलकावर ठळकपणे वेगळी लिहिलेली होती. कोणत्या पदार्थात काय आहे, हे विचारण्यापूर्वीच सून सांगत असे. पगारी नोकराकडून अशी अपेक्षा ठेवणे अन्यायाचे होईल, पण घरच्या माणसाला ते आपोआप ठाऊक असते.

त्या फलकाला त्या कुटुंबाचा इतिहासही चिकटलेला आहे. १९१५ मध्ये ऑटोमन साम्राज्यात आर्मेनियन समाजाचा जो संहार झाला, त्यातून वाचलेले हजारो लोक सीरिया आणि लेबनॉनमध्ये गेले. पुढे १९७५ पासून १९९० पर्यंत लेबनॉन यादवी युद्धात होरपळत असताना त्यांच्यापैकी अनेकांनी पुन्हा बिऱ्हाड हलवून अमेरिका गाठली. हे कुटुंब त्याच वाटेने बैरूतहून आलेले. म्हणून त्यांच्याकडे पातळ पोळीवर वाटलेले मांस पसरून भाजलेले लाहमाजून आणि सीरियातील हलब (अलेप्पो) शहराच्या बाजूची लाल मिरची आहे, तर थेट आर्मेनियातून आलेल्यांच्या दुकानांत खोरोवात्स हे सळईवर भाजलेले मांस आणि गाता नावाची गोड पाव-पोळी दिसते. (आर्मेनियन व्यापारी आपल्यालाही नवे नाहीत; मुंबईच्या फोर्ट भागातील मेडोज स्ट्रीटवर त्यांचे चर्च १७९६ मध्ये उभे राहिले.) एवढा तपशील कोणत्याही साखळी कंपनीच्या पाककृती-पुस्तिकेत मावणार नाही.

आता हीच फूटपट्टी आपल्या जिल्ह्याला लावून पाहावी. आर्मेनियन लवाश या रोटीला २०१४ मध्ये युनेस्कोच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत स्थान मिळाले. पातळ लाटलेली पोळी गवत किंवा लोकर भरलेल्या उशीवर ताणून जमिनीत पुरलेल्या मातीच्या भट्टीच्या भिंतीवर थापणे, हे तिथल्या बायकांचे कसब. बागलाण आणि कसमादे (कळवण, सटाणा, मालेगाव, देवळा) पट्ट्यातील आपल्या भगिनी पुरण भरलेला मांडा दोन्ही हातांवर फिरवत पसरतात आणि उपड्या खापरावर अलगद टाकतात, ते कसब याहून तसूभरही कमी नाही. सुरगाणा-पेठच्या नागलीच्या भाकरीचे, फाळणीनंतर देवळाली कॅम्पात वसलेल्या सिंधी कुटुंबांच्या दाल-पकवानचे आणि उत्तर भारतातून मालेगावात आलेल्या विणकरांच्या घरच्या रांधपाचेही तसेच आहे. हे सगळे एकाच जिल्ह्यात असताना बहुसांस्कृतिक फूड कोर्टासाठी आपल्याला परदेशी नावे शोधावी लागू नयेत. मांडे करणाऱ्या बचत गटांना डोंगरे वसतिगृहाच्या मैदानावरील प्रदर्शनात जागा मिळते, तिथे रांगाही लागतात, परंतु चार दिवसांनी मांडव उतरला की वर्षभराची सोय कोठेच नसते.

त्यांना कायमचा गाळा का मिळत नाही, याचे उत्तर चवीत नसून करारात आहे. सटाण्याकडील आमच्या नात्यातील एका वहिनींनी येथील एका मॉलमध्ये चौकशी केली होती. कित्येक महिन्यांच्या भाड्याइतकी अनामत, विक्री होवो न होवो दरमहा ठरलेली किमान रक्कम, सकाळी अकरा ते रात्री अकरा गाळा उघडा ठेवण्याची सक्ती आणि सजावटीचा खर्च स्वतःचा, एवढे ऐकून त्या परतल्या. ग्लेनडेलजवळच्या त्या फूड कोर्टात भाड्याचा एक भाग विक्रीच्या प्रमाणात घेतला जातो. टेबले, सफाई आणि भांडी धुणे यांची व्यवस्था सामाईक आहे, असे गल्ल्यावरच्या मुलाने सांगितले. गिऱ्हाईक मंदावले की भाडेही उतरते, म्हणूनच तीन पिढ्यांना एका लहानशा स्टॉलवर तग धरता येतो. लवाशसुद्धा ते स्वतः भाजत नाहीत, गावातल्या आर्मेनियन बेकरीतून आणतात. सगळे काही एकट्या कुटुंबाने करावे, असा हट्ट कोणी धरत नाही आणि धरूही नये.

स्वच्छतेचा आणि दर्जाचा प्रश्न काहीजण उपस्थित करतील, आणि तो रास्त आहे. अन्नसुरक्षेची नोंदणी, पाण्याची तपासणी आणि स्वयंपाक करणाऱ्यांचे प्रशिक्षण या अटी घरगुती गाळ्यांनाही बिनशर्त लागू कराव्यात. येथे द्राक्षपानांविषयीही स्पष्ट लिहितो, कारण हे पत्र वाचून कोणाला तो मोह होऊ शकेल. एप्रिलच्या खरड छाटणीनंतर फेलफुटी, म्हणजे नको असलेले फुटवे, काढताना आणि शेंडे खुडताना कोवळ्या पानांचे ढीग आमच्या बांधावर पडतात. आपल्याकडे लोकप्रिय असलेल्या थॉमसन सीडलेस जातीची पाने या पदार्थाला उत्तम समजली जातात, तरीही बागेतले पान उचलून कोणी शिजवू नये. भुरी आणि डाऊनी या वेलीवरील रोगांसाठी आम्ही ज्या फवारण्या घेतो, त्यांच्या अंशांसाठी तपासणी निर्यातीच्या द्राक्षमण्यांची होते, पानांची नव्हे. पानांसाठी फवारणीविना वेगळा तुकडा राखला आणि पाने घेणारे गिऱ्हाईक असले, तरच हा जोडधंदा होऊ शकेल. असे गिऱ्हाईक निर्माण करण्याची ताकद एखाद्या चोखंदळ कुटुंबाच्या स्टॉलमध्येच असते, हेही येथे नमूद करतो.

खासगी मॉलवर सक्ती करता येणार नाही, याची मला कल्पना आहे. महापालिकेच्या भूखंडांवर, उद्यानांलगत आणि सिंहस्थासाठी आखल्या जाणाऱ्या खाद्यविभागांत मात्र अटी ठरवणे प्रशासनाच्या हाती आहे. अशा ठिकाणी पाचातला एक गाळा कुटुंबांना किंवा बचत गटांना द्यावा, त्यांचे भाडे विक्रीच्या प्रमाणात ठेवावे, आणि त्या गाळ्यांच्या निविदेतून मागील तीन वर्षांच्या उलाढालीच्या दाखल्याची अट वगळावी, कारण आजवर घरीच रांधणाऱ्या बाईकडे तो दाखला असणे शक्य नाही. निविदेची सूचना मराठीत, तालुक्याच्या ठिकाणीही प्रसिद्ध व्हावी आणि अर्जासाठी किमान महिनाभराची मुदत असावी.

आपला,
एक द्राक्ष बागायतदार,
निफाड तालुका (हल्ली मुक्काम गंगापूर रोड, नाशिक)