विषय : तिसऱ्या सीझनच्या खोक्यात दुसरा सीझन पाठवल्याबाबत

प्रति,
व्यवस्थापक, ग्राहक सेवा विभाग

आजच्या पाचव्या फोननंतर हे पत्र लिहीत असल्यामुळे नमस्कार-चमत्कार टाळतो.

मी आपल्याकडून ‘वर्काहोलिक्स’ या अमेरिकी विनोदी मालिकेचा तिसरा सीझन मागवला होता. खोक्यावर तिसरा सीझन आणि वीस भाग असे छापलेले आहे. आतल्या डिस्कवर मात्र दहाच भाग आहेत आणि त्यांतला पहिला ‘हाइस्ट स्कूल’ आहे, म्हणजे हा सप्टेंबर २०११ मध्ये सुरू झालेला दुसरा सीझन, जो माझ्या कपाटात आधीपासूनच आहे. मला हवा असलेला सीझन मे २०१२ मध्ये ‘बिझनेस ट्रिप’ने सुरू होतो, हे विक्रेत्याला सांगावे लागू नये.

आज तेरा मिनिटे सनई ऐकवून झाल्यावर आपल्या प्रतिनिधीने विचारले, “डिस्क चालते ना, सर?” चालते म्हटल्यावर, “मग अडचण काय?” सीझन चुकीचा आहे, असे मी सांगितले, तर म्हणाला, “पण त्यात तेच तिघे आहेत ना?” अ‍ॅडम, ब्लेक आणि अँडर्स हे सातही सीझनमध्ये आहेत, ही माहिती मिळवण्यासाठी मी फोन केला नव्हता. वीस भागांचे विचारले, तेव्हा “दहा दोनदा बघा” असे उत्तर आले आणि मागे कोणीतरी फिसकन हसले. शेवटी, सील फोडल्यामुळे माल परत घेता येणार नाही, असे कळले. सील न फोडता आत काय आहे ते कसे पाहायचे, हे विचारेपर्यंत “आणखी काही मदत करू का?” आले. आणखी!

त्या मालिकेतले तिघे कॅलिफोर्नियातल्या रँचो कुकामाँगा येथे टेलिमार्केटिंगच्या कचेरीत काम टाळण्यासाठी कामाहून अधिक कष्ट उपसतात. पण त्यांच्यावर निदान खेकसायला अ‍ॅलिस नावाची वरिष्ठ आहे. आपल्याकडे ती जागा रिकामी असावी.

पुन्हा लिहितो : खोक्यावर वीस भाग, आत दहा. आठ दिवसांत योग्य संच किंवा पूर्ण रक्कम न मिळाल्यास २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यानुसार मी राहतो तिथल्याच जिल्हा आयोगात तक्रार दाखल करीन. पाच लाखांपर्यंतच्या तक्रारीला तिथे शुल्क नाही, तेव्हा मी कंटाळेन या भरवशावर राहू नये. आपल्याकडून इतकी वर्षे डिस्क घेत आलो, याचेच अधिक वाईट वाटते.

खोके बांधून ठेवले आहे. ते न्यायला माणूस पाठवावा, आणि आतले दहा भाग आपल्या प्रतिनिधीने दोनदा पाहावेत.

आपला,
एक जुना ग्राहक