बाय, काट्याचं रजिस्टर भरलं

प्रिय बाय,

तुझं नाव इथे लिहीत नाही. गावाचंही नाही. नाव, गाव आणि नोकरीचं ठिकाण एवढं एका जागी आलं की अनोळखी माणूस बाकीचं कसं जुळवत जातो, हे तूच मला दाखवलंस. माझी स्वतःची माहिती मलाच शोधायला लावली होतीस. अर्ध्या तासात जुन्या मोबाइल नंबरापासून मुलाच्या शाळेपर्यंत सगळं हाती लागलं आणि माझा घसा कोरडा पडला. म्हणून इथे तू बाय आणि मी काका, गोव्यातल्या डिचोली तालुक्यातला. एवढं पुरे.

तरीही पत्र सगळ्यांना वाचता येईल असं लिहितोय. आमच्या भागात माझ्यासारखे पुष्कळ आहेत. फेब्रुवारी २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ८८ खाणपट्ट्यांचं नूतनीकरण रद्द केलं, मार्चच्या मध्यापासून खाणी थांबल्या, आणि टिप्परवाले, गॅरेजवाले, बार्जवरचे खलाशी, आम्ही खाणीच्या वजनकाट्यावरचे कारकून, सगळे एका आठवड्यात घरी बसलो. चाळिशीला आलेल्या माणसाला कोण नवीन काय शिकवणार, असं तेव्हा प्रत्येक जण म्हणायचा. मीही म्हणायचो. तू मला संगणकाची सुरक्षा शिकवलीस, त्याचे आभार मला त्या लोकांसमोर मानायचे आहेत.

एप्रिल २०२० आठवतो ना? लॉकडाउनमुळे तू गावी अडकलेली, तुमच्या घरात रेंज नाही, म्हणून आमच्या सोप्यावर लॅपटॉप घेऊन बसायचीस. त्याच दिवसांत मला तो फोन आला. केवायसी अपडेट करायचं आहे, नाहीतर खातं बंद होईल. समोरच्या माणसाने एक ॲप घ्यायला लावलं, नऊ आकडी नंबर विचारला, मी सांगितला. दहा मिनिटांत २३ हजार गेले. हार्डवेअरच्या दुकानात दोन वर्षं गल्ल्यावर बसून साठवलेले होते.

घरात मी कुणाला सांगितलं नव्हतं. तुला माझ्या चेहऱ्यावरून कळलं. तू आधी बँकेला फोन लावायला लावलास, मग राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर तक्रार भरून घेतलीस. पैसे परत आले नाहीत. पण त्यानंतर तू जे केलंस ते मी विसरणार नाही. लॅपटॉप माझ्याकडे वळवलास आणि ते ॲप काय करतं ते दाखवलंस. तो नऊ आकडी नंबर म्हणजे माझ्या फोनच्या पडद्याची किल्ली होती. मी ती दिल्यावर माझा ओटीपी त्याला वाचता येत होता, मी तोंडाने सांगायची गरजच नव्हती. घरचे लोक मला मूर्ख म्हणतील याची मला भीती होती. तू म्हणालीस, "काका, त्याने तुमचा फोन फोडला नाही, तुमची घाई वापरली. याला सोशल इंजिनिअरिंग म्हणतात, हा एक अख्खा विषय आहे."

मी विचारलं, हा विषय शिकता येतो का.

"येतो. रोज एक तास. सुट्टी नाही. आणि पहिले दोन महिने हॅकिंग हा शब्द काढायचा नाही."

मी कुरकुरलो, तेव्हा तू विचारलंस की आरतीला घुमट वाजवतात, त्या वाद्यावर हात बसायला किती दिवस लागले. खरं सांगायचं तर वर्षं लागली. चतुर्थीच्या आधी महिनाभर रोज संध्याकाळी बसल्याशिवाय आजही माझा हात आरतीला सरळ पडत नाही. मग मी काही बोललो नाही.

माझ्याकडे काट्याची कोरी रजिस्टरं पडून होती. त्यांचे रकाने छापील: तारीख, गाडी नंबर, भरलेली, रिकामी, निव्वळ. तू त्यातलं एक उचललंस आणि रकान्यांना नवी नावं दिलीस. गाडी नंबरच्या जागी आज कुठली आज्ञा दिली. भरलेलीच्या जागी मला काय होईल असं वाटलं. रिकामीच्या जागी खरोखर काय झालं. आणि निव्वळ म्हणजे दोघांतला फरक, तोच शिकायचा. मी आजवर जे शिकलो ते या चार रकान्यांतून शिकलो. पुढे खूप व्हिडिओ पाहिले, पण व्हिडिओ पाहताना सगळं कळल्यासारखं वाटतं आणि पडदा बंद केला की हात चालत नाहीत. रजिस्टरमध्ये तसं लपवता येत नाही.

पहिली अडचण इंग्रजीची. माझं प्राथमिक शिक्षण मराठीतून, पुढेही इंग्रजीशी कामापुरतीच ओळख. तू म्हणालीस, लिनक्स या संगणकप्रणालीत प्रत्येक आज्ञेचं माहितीपान आतच असतं, मॅन लिहून आज्ञेचं नाव द्यायचं. रोज त्यातल्या पाच ओळी, शब्दकोश शेजारी ठेवून. पाचच. एलएस या फाईलींची यादी दाखवणाऱ्या एका आज्ञेचं पान संपवायला मला जवळजवळ दोन महिने लागले, आणि ते संपलं तेव्हा बाकीची पानं आपोआप वाचता येऊ लागली, कारण त्या पानांची भाषा एकच असते.

मग तू मला बँडिट लावून दिलंस. ओव्हरदवायर नावाच्या मंडळींनी नवशिक्यांसाठी फुकट ठेवलेला खेळ. एसएसएचने, म्हणजे दुरून दुसऱ्या संगणकात जायच्या सुरक्षित वाटेने, त्यांच्या संगणकात शिरायचं, पुढच्या पातळीचा पासवर्ड कुठेतरी लपवलेला असतो तो शोधायचा. सगळं काळ्या पडद्यावर, नुसती अक्षरं, त्यामुळे पावसात रेंज एका काडीवर आली तरी चालायचं. आमच्याकडच्या माणसाने सुरुवात इथूनच करावी असं मला मनापासून वाटतं.

एका पातळीवर फाईलचं नाव नुसती एक आडवी रेघ. मी फाईल वाचून दाखवणारी कॅट आज्ञा दिली, पुढे रेघ दिली, आणि काहीच होईना. पडदा गप्प. तीन दिवस. मला वाटलं लॅपटॉप बिघडला. तुला विचारलं तर तू उत्तर दिलं नाहीस, फक्त म्हणालीस, "तो बिघडलेला नाही, वाट बघतोय. कुणाची वाट बघतोय?" तिसऱ्या रात्री मी वैतागून काहीतरी टाइप केलं आणि त्याने तेच मला परत दाखवलं. तो माझीच वाट बघत होता! मी रेघ म्हणजे फाईल समजत होतो, तो रेघ म्हणजे कीबोर्ड समजत होता. खेळ बनवणाऱ्यांनी उत्तरं उघड करू नका अशी विनंती केलेली आहे, म्हणून त्यापुढचं लिहीत नाही. पण त्या रात्री मी बायकोला उठवून सांगितलं होतं. तिला काही कळलं नाही, तरी ती उठून बसली आणि तिने ऐकलं.

डिसेंबरात, तू पुण्याला परतल्यावर, तुझं कुरियर आलं. जुन्या लॅपटॉपमधून काढलेली ८ जीबीची रॅम आणि सोबत चिठ्ठी: "आता घर बांधा." घर म्हणजे प्रयोगशाळा. व्हर्च्युअलबॉक्समध्ये, म्हणजे एका संगणकात आभासी संगणक चालवणाऱ्या प्रोग्राममध्ये, दोन संगणक, एकात सुरक्षा तपासायची साधनं असलेलं काली लिनक्स, दुसऱ्यात मुद्दाम भोकं ठेवून बनवलेलं मेटास्प्लॉइटेबल, आणि दोघांचं जाळं फक्त एकमेकांपुरतं, बाहेर जाणारी वाट बंद. हल्ला करायचा तो आपल्याच घरात, आपल्याच भिंतीवर.

एनमॅप या साधनाने पहिल्यांदा संगणकाची उघडी दारं, म्हणजे पोर्ट, मोजली तेव्हा तू एक एक दार समजावलंस. पोर्ट ६५,५३५ पर्यंतच का? कारण त्या नंबरासाठी १६ बिटांचीच जागा आहे. २२ वर एसएसएच, ५३ वर डीएनएस, म्हणजे वेबसाइटच्या नावावरून तिचा नंबर शोधणारी सेवा. ४४५, म्हणजे विंडोजमध्ये फाईली वाटून घेण्याचं दार, उघडं दिसलं तेव्हा तू त्याच दारातून पसरलेल्या वॉनाक्राय या संगणकी किड्याची गोष्ट सांगितलीस. मायक्रोसॉफ्टने दुरुस्ती मार्च २०१७ मध्येच दिली होती, किडा मे महिन्यात आला, आणि मधल्या दोन महिन्यांत ज्यांनी अपडेट टाकलं नाही त्यांच्या फाईली कुलुपात गेल्या. तेव्हापासून मी ओळखीच्या प्रत्येक माणसाचा फोन हातात घेऊन आधी अपडेट बघतो.

एसक्यूएल इंजेक्शन मात्र डोक्यात शिरत नव्हतं. एका रविवारी फोनवर तू विचारलंस, काट्यावर ड्रायव्हर आला की काय करायचात? मी सांगितलं: तो म्हणायचा दहा टन, मी ते कधी लिहायचो नाही. गाडी काट्यावर चढवायची, काटा म्हणेल ते लिहायचं, परत आल्यावर रिकामी गाडी वजा. "आता समजा," तू म्हणालीस, "तुम्ही पेन ड्रायव्हरच्याच हातात दिलं." तिथे मला सगळं लख्ख दिसलं. लॉगिनच्या चौकटीत माणूस जे टाइप करतो ते न तपासता डेटाबेसच्या आज्ञेत जोडलं, तर एका अवतरणचिन्हाच्या जोरावर तो स्वतःचा रकाना सोडून शेजारच्या रकान्यात लिहायला लागतो. उपाय हाच, की आज्ञा आधी पक्की छापून ठेवायची आणि त्याचं लिखाण फक्त त्याच्या रकान्यात घ्यायचं. मी १४ वर्षं काट्यावर काढली, मधला २०१२ चा बंद धरून. ती वर्षं फुकट गेली असं मला वाटायचं. त्या फोननंतर वाटेनासं झालं. बाय, याबद्दल तुझे आभार कुठल्या शब्दांत मानायचे ते मला सुचत नाही.

आता ती रात्र, जिच्यासाठी खरं तर हे पत्र.

फेब्रुवारी २०२१. एका संस्थेच्या वेबसाइटवरून मी माझी पावती उतरवत होतो. पत्त्याच्या शेवटी एक नंबर होता. हाताला सवय लागलेली. मी शेवटचा आकडा बदलला आणि दुसऱ्याच कुणाची पावती उघडली. नाव, पत्ता, फोन नंबर, सगळं. रात्रीचे दहा वाजले होते. मी आनंदाने तुला फोन केला. आता एक छोटी स्क्रिप्ट, म्हणजे आपोआप चालणारा प्रोग्राम, लिहून किती पावत्या निघतात बघतो, असंही म्हणालो.

तू थोडा वेळ बोललीच नाहीस. मग म्हणालीस, "काका, कीबोर्डवरून हात काढा. आत्ता."

आजवर तू माझ्याशी त्या आवाजात कधी बोलली नव्हतीस. माहिती तंत्रज्ञान कायदा २०००, कलम ४३ आणि ६६, तू मला त्याच रात्री वाचून दाखवलीस. परवानगीशिवाय दुसऱ्याच्या यंत्रणेत शिरून माहिती काढली तर भरपाई द्यावी लागते, आणि हेतू अप्रामाणिक ठरला तर तीन वर्षांपर्यंत कैद किंवा पाच लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. माझा हेतू वाईट नव्हता, पण दोनशे लोकांच्या पावत्या माझ्या लॅपटॉपवर सापडल्या असत्या तर तो हेतू मी कुणाला दाखवणार होतो? आणि त्याहून मोठी गोष्ट तू पुढे सांगितलीस: "ज्या बाईची पावती तुम्ही उघडली तिने तुम्हाला परवानगी दिली होती का? तुमचा पडदा बघणाऱ्या माणसाला तरी तुम्ही कुठे दिली होती?"

मी त्या रात्री झोपलो नाही.

सकाळी तू मला अहवाल लिहायला बसवलंस. माझा पहिला मसुदा सात पानी होता. तू तो एका पानावर आणलास: काय दिसलं, कुठल्या पत्त्यावर, किती वाजता, एकच पावती उघडली गेली, तिची प्रत ठेवलेली नाही, दुरुस्ती अशी करता येईल. ती बाई कोण, तिचं नाव काय, एक अक्षर नाही. एक प्रत संस्थेला, एक सर्ट-इनला, म्हणजे सायबर घटना हाताळणाऱ्या केंद्र सरकारच्या संस्थेला. संस्थेचं उत्तर कधीच आलं नाही. सहा आठवड्यांनी मी पुन्हा माझी पावती उतरवली, तर नंबराच्या जागी लांबलचक अक्षरं होती आणि आधी लॉगिन मागत होतं. मला कुणी धन्यवाद म्हटलं नाही याचं तेव्हा वाईट वाटलं होतं. तू म्हणालीस, त्या बाईची पावती बंद झाली ना. हो, झाली.

बाकीचं तुला माहीत आहे. जुलै २०२२ मध्ये पर्वरीच्या एका छोट्या कंपनीत रात्रपाळीला लागलो, लॉग बघायला, म्हणजे कोण कधी कुठून आत आलं त्या नोंदी. मुलाखतीत त्यांनी प्रमाणपत्र विचारलं, माझ्याकडे नव्हतं. मी रजिस्टर पुढे ठेवलं. साहेबांनी वीस मिनिटं नुसती पानं उलटली.

एक गोष्ट मात्र तुला सांगायची राहिली आहे. गेल्या पावसाळ्यात, पहाटे तीनच्या सुमारास, एका ग्राहकाच्या लॉगमध्ये एक कर्मचारी पणजीतून आत आलेला दिसला, आणि २५ मिनिटांनी तोच परदेशातून. काट्यावर असताना जेटीवर जाऊन यायला गाडीला दीड तास लागायचा. ४० मिनिटांत परत आली की मी मान वर करायचो. त्या रात्री तशीच मान वर झाली. खरी जागा लपवणारं व्हीपीएन असेल म्हणून आधी तपासलं, नव्हतं. खातं बंद केलं, चालू सत्रं तोडली, साहेबांना उठवलं. घटना लक्षात आल्यापासून सहा तासांत सर्ट-इनला कळवायचं असतं, आम्ही तिसऱ्या तासाला कळवलं. सकाळच्या बसमध्ये खिडकीशी बसून मी तुला मेसेज लिहिला आणि पाठवला नाही, कारण ग्राहकाबद्दल बाहेर बोलायचं नसतं. एवढं तरी आता सांगता येतं, नावाशिवाय.

सध्या आपल्या सोप्यावर संध्याकाळी दोन मुलं येतात. एक टिप्परवाल्याचा मुलगा, एक बारावीतली मुलगी. दोघांना एक एक रजिस्टर दिलंय. ती मुलगी परवापासून रेघेच्या फाईलवर अडकली आहे. आज निघताना रडवेली झाली होती. मला राहवत नव्हतं, तरी मी फक्त विचारलं, कुणाची वाट बघतोय तो?

चतुर्थीला नक्की ये. काकी पातोळ्या करणार आहे, आणि गणपतीवरची फळापानांची माटोळी बांधायला या वर्षी हात कमी आहेत. रॅम अजून चालते आहे.

तुझा,
काका