चाळिशी डोळ्यांवर, अंदाजावर नव्हे

मा. संपादक,
स.न.वि.वि.

राजवाड्याजवळच्या पथारीवर वर्तमानपत्र पुढे धरून ‘दिसतंय ना?’ एवढ्यावर चाळिशी विकली जाते. तिने डोळे बिघडतात ही भीती उगाच. अडचण वेगळीच आहे. वयानुसार डोळ्यातले भिंग ताठर होते, जवळ पाहताना फुगत नाही. दहाव्या वर्षी ७-८ सेंमीवरचे अक्षर दिसते, पंचेचाळिशीत ते २५-३० सेंमीपलीकडे सरकते. तयार चष्म्यात मात्र दोन्ही भिंगांचा नंबर एकच, तिरपा (सिलिंड्रिकल) नंबर नाही, आणि भिंगाचे केंद्र बुबुळासमोर येईलच असे नाही. म्हणून तासभर वाचले की कपाळ ठणकते.

घ्यायचाच तर एक करा: +२ चे भिंग भिंतीसमोर धरून दूरच्या खिडकीची उलटी प्रतिमा पाडा. दोन्ही भिंगांनी ती साधारण ५० सेंमीवरच ठळक यायला हवी.

साठीनंतर एखाद्याला चष्म्याशिवाय अचानक वाचता येऊ लागले, तर पेढे वाटू नयेत. बहुधा मोतीबिंदूमुळे भिंग घट्ट होऊन जवळचा नंबर उतरलेला असतो. त्याच वेळी दूरचे धूसर होते. काचबिंदू तर पथारीवर कळायचाच नाही. त्यासाठी डोळ्याचा दाब आणि आतली नस, दोन्ही पाहावे लागते.

— एक नेत्रतपासनीस, इंदूर