आधी औषधांची पिशवी उपसा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

मागच्या आठवड्यात तुमच्या पुरवणीत नवरा-बायकोतली 'ती' इच्छा कमी का होते आणि परत कशी आणायची यावर अर्धा पान लेख होता. तणाव कमी करा, एकमेकांना वेळ द्या, फोन बेडरूमबाहेर ठेवा, मंद दिवे लावा. वाईट काहीच नव्हतं त्यात, पण वाचून मला आधी हसू आलं आणि मग चिडचिड झाली, कारण हे सगळं मी तीन वर्षांपूर्वी करून बसलेय. दिव्यांसकट.

तेव्हा नवरा 45 चा आणि मी 43 ची. त्याला अँक्झायटीचा त्रास सुरू झाला होता, छातीत धडधड, रात्रभर जागा, शेवटी डॉक्टरांकडे गेलो आणि त्यांनी गोळी चालू केली, डिप्रेशनला देतात त्यातलीच. महिनाभरात माणूस बराच सावरला, झोपायला लागला, हसायला लागला, मला तर हायसं वाटलं. आणि साधारण त्याच सुमारास तो पाठ करून झोपायला लागला. आधी वाटलं दमत असेल, मग वाटलं आपण जाड झालोय, मग मी त्याचा फोन चेक केला. एकदा नाही, बऱ्याचदा. ऑफिसचे ग्रुप आणि बँकेचे मेसेज, दुसरं काही नाही, पण संशय एकदा शिरला की मेसेज न सापडणं हाच पुरावा वाटायला लागतो. तिकडे त्याच्या डोक्यात वेगळंच, आपलं वय झालं, आपण संपलो. त्याने मला न सांगता जाहिरात बघून कसल्यातरी 'शक्तिवर्धक' कॅप्सूल मागवल्या होत्या, बाटली बुटांच्या खोक्यात लपवलेली. दोघं एकाच घरात आपापला चोर शोधत होतो. दोन वर्षं वाया गेली त्यात.

उलगडा झाला तो निव्वळ योगायोगाने. नेहमीचे डॉक्टर सुट्टीवर होते, त्यांच्या जागी बसलेल्या बाईंनी बीपी बघता बघता सहज विचारलं, "या गोळीने संबंधांच्या बाबतीत काही फरक पडलाय का?" मी शेजारीच बसले होते. नवरा टेबलावरच्या पेपरवेटकडे बघत म्हणाला, "पडलाय." बस, एवढंच.

त्यांनी सांगितलं ते असं. या गोळ्यांना एसएसआरआय म्हणतात, फ्लुऑक्सेटिन, सर्ट्रालिन, पॅरॉक्सेटिन, एस्सिटॅलोप्रॅम वगैरे, त्यांनी मेंदूत सेरोटोनिन वाढतं आणि काळजी शांत होते, पण तेच सेरोटोनिन बऱ्याच जणांची इच्छाही थंड करतं, शेवटपर्यंत पोचायला वेळ लागतो किंवा पोचताच येत नाही. बायकांनाही होतं हे. दुर्मिळ अजिबात नाही. यावर उपाय असतात, डोस कमी करून बघता येतो, बुप्रोपिऑन किंवा मिर्टाझापिनसारखं यात कमी त्रास देणारं औषध घेता येतं. मात्र गोळी आपल्या मनाने पटकन बंद करायची नाही म्हणजे नाही, चक्कर, चिडचिड, डोक्यात करंट लागल्यासारखं होतं आणि मूळ आजार उलटतो तो वेगळाच. शिवाय डिप्रेशनमध्येही इच्छा जातेच, त्यामुळे दोष आजाराचा की गोळीचा हे ठरवायला कधी काय सुरू झालं याच्या तारखा आठवाव्या लागतात. आमच्या तारखा स्वच्छ होत्या. डोस हळूहळू उतरवला, मग औषध बदललं, आणि दोनेक महिन्यांत फरक दिसायला लागला.

म्हणून माझं म्हणणं असं की कुणाची इच्छा मावळली तर आधी नात्यावर संशय घेऊ नका, घरातली औषधांची पिशवी टेबलावर उपडी करा. मी घरी आल्यावर तेच केलं आणि प्रत्येक पाकिटाबद्दल फार्मासिस्टला विचारून आले. केस गळतात म्हणून पुरुष 1 मिलिग्रॅमची फिनॅस्टेराइड घेतात, त्यातल्या थोड्या जणांची इच्छा त्याने कमी होते. बीपीच्या काही औषधांनी, म्हणजे काही बीटा ब्लॉकर, स्पायरोनोलॅक्टोन. दुखण्यावरच्या अफूवर्गातल्या गोळ्या बरेच महिने चालल्या तर टेस्टोस्टेरॉन, म्हणजे पुरुषी हॉर्मोन, खाली येतं. उलटी-मळमळीवरच्या डॉम्पेरिडोन, मेटोक्लोप्रमाइड आणि मानसिक आजारातली रिस्पेरिडोन यांनी प्रोलॅक्टिन, म्हणजे अंगावर दूध आणणारं हॉर्मोन, वाढतं, आणि ते वाढलं की इच्छा बसते. गर्भनिरोधक गोळ्यांनी काही बायकांना फरक पडतो आणि काहींची उलट भीती गेल्यामुळे इच्छा वाढते, तिथे सरसकट काही बोलता येत नाही. आणि हे वाचून कुणी बीपीची गोळी कचऱ्यात टाकू नका हं, न सांभाळलेलं बीपी आणि न सांभाळलेली शुगर या दोन गोष्टी नसा आणि रक्तवाहिन्या जे खराब करतात त्याने जास्त नुकसान होतं. विचारायचं आणि बदलून घ्यायचं, इतकंच.

पिशवीत काही सापडलं नाही तर मग रक्त तपासायचं. थायरॉईड मंद झालं की माणूसच मंद होतो, इच्छा कुठून राहणार. अ‍ॅनिमिया, किडनीचा जुना आजार, मेंदूखालच्या पिट्युटरी ग्रंथीवरची छोटी गाठ (हिच्यामुळेही प्रोलॅक्टिन वाढतं), यातलं काहीही असू शकतं. पुरुषांचं टेस्टोस्टेरॉन सकाळी जास्त असतं म्हणून रक्त सकाळीच द्यायचं, आणि एका रिपोर्टवर धावपळ करायची नाही, दोन वेगवेगळ्या सकाळी तपासून दोन्ही वेळा 300 नॅनोग्रॅम प्रति डेसिलिटरच्या खाली आलं आणि सोबत लक्षणंही असली तर डॉक्टर कमतरता म्हणतात. लेव्हल नॉर्मल असताना जिममधल्या कुणाच्या सांगण्यावरून इंजेक्शन घेणाऱ्यांनी एवढं लक्षात ठेवावं की बाहेरून हॉर्मोन आलं की शरीर आपलं काम बंद करतं आणि शुक्राणू कमी होतात, मूल हवं असलेल्यासाठी हा आतबट्ट्याचा व्यवहार आहे.

आणि झोप! झोपेला आपण औषधात धरतच नाही. 2011 मध्ये अमेरिकेत शिकागो विद्यापीठात 10 तरुण, धडधाकट पुरुषांना आठवडाभर रोज 5 तासच झोपू दिलं, तर त्यांचं दिवसाचं टेस्टोस्टेरॉन 10 ते 15 टक्क्यांनी उतरलं. माणसं दहाच, मान्य आहे, पण आठवडाही एकच होता. घोरणाऱ्यांचं तर, ज्यांचा श्वास झोपेत अडकतो त्यांचं, दुखणं याहून मोठं, रात्रभर झोपूनही झोप झालेली नसते, त्यात वजन वाढलेलं असतं आणि वर रोज 'थोडीशी' दारू. हे सगळं एकाच दिशेला ओढतं.

त्या कॅप्सूलबद्दल थोडं, कारण हा राग अजून गेलेला नाही. इच्छा आणि 'ताकद' या दोन वेगळ्या गोष्टी आहेत हे मला चाळिशी उलटल्यावर कळलं. 1998 साली आलेली ती प्रसिद्ध निळी गोळी, सिल्डेनाफिल, रक्तपुरवठ्यावर काम करते. मनात काही आलं तर शरीर साथ देतं, मनातच आलं नाही तर ती गोळी काही मनात आणून देत नाही. आणि 'शंभर टक्के नैसर्गिक' लिहिलेल्या अशा कॅप्सूलमध्ये गुपचूप सिल्डेनाफिलच मिसळलेलं असतं असे इशारे अमेरिकेच्या एफडीएने, म्हणजे तिथल्या औषधांवर देखरेख ठेवणाऱ्या सरकारी खात्याने, कितीतरी वेळा दिलेत. छातीत दुखतं म्हणून कुणी नायट्रेटची गोळी घेत असेल आणि त्यावर हे पोटात गेलं तर बीपी एकदम कोसळतं, जीवावर बेतू शकतं. आमच्या बाटलीत काय होतं देव जाणे. फेकून दिली.

इथपर्यंत वाचून वाटेल की झालं, सुटला प्रॉब्लेम. तर त्याची गाडी रुळावर आली आणि माझी घसरली. पाळी मागेपुढे व्हायला लागली, कोरडेपणा, आणि जवळ आलं की दुखायचं. मी सहा महिने दुखणं सहन करत राहिले, कारण इतक्या दिवसांनी त्याचा मूड परत आलाय आणि आता मी कुठे नाही म्हणू. यापेक्षा मोठा गाढवपणा नाही. जिथे दुखतं तिथून शरीर हात मागे घेतंच, त्याला इच्छा कमी झाली म्हणत नाहीत, इजेपासून पळणं म्हणतात. इस्ट्रोजेन, म्हणजे बायकांचं हॉर्मोन, उतरलं की आतली त्वचा पातळ होते, त्यावर तिथेच लावायचं कमी डोसचं इस्ट्रोजेनचं क्रीम मिळतं (डॉक्टरांना विचारूनच), लुब्रिकंट मिळतं, आणि साधं लुब्रिकंट विकत घ्यायला मला ज्या लाजेतून जावं लागलं त्यावर दुसरं पत्र होईल. बाळाला अंगावर पाजणाऱ्या मुलींचंही असंच असतं, प्रोलॅक्टिन वर, इस्ट्रोजेन खाली आणि झोप शून्य, त्यांना "आता तुझं लक्ष बाळातच" असं ऐकवणाऱ्यांना काय बोलायचं.

पण माझं सगळं क्रीमने सुटलं नाही, आणि इथेच तुमच्या लेखातल्या मंद दिव्यांचा मुद्दा येतो. लैंगिक संबंधांवर संशोधन करणाऱ्या अमेरिकेतल्या किन्सी इन्स्टिट्यूटमध्ये जॉन बॅन्क्रॉफ्ट आणि एरिक जॅन्सन या दोघांनी एक कल्पना मांडली, सोपं करून सांगायचं तर माणसात अ‍ॅक्सिलरेटर आणि ब्रेक वेगवेगळे असतात. दिवे, गाणी, नवीन कपडे हे सगळं अ‍ॅक्सिलरेटर. माझा पाय मात्र ब्रेकवर होता. मुलगी अजून जागी आहे, सासूबाईंची उद्या तपासणी आहे, सकाळचा डबा, आणि संध्याकाळी हा जे तुटक बोलला ते. मग कितीही दिवे लावा. आमच्याकडे सगळ्यात जास्त उपयोग कशाचा झाला सांगू? रात्रीच्या आवराआवरीचं काम त्याने स्वतःहून अंगावर घेतलं आणि दाराला कडी बसवली.

दुसरी गोष्ट जिने मला खरंच मोकळं केलं. व्हँकुव्हरच्या डॉक्टर रोझमेरी बॅसन यांनी 2000 साली मांडलं की इच्छा नेहमी आधीच आली पाहिजे असं नाही, विशेषतः बऱ्याच वर्षांच्या नात्यात बायकांची इच्छा जवळीक सुरू झाल्यावर मागून येते. मी आयुष्यभर समजत होते की आपल्याला आपणहून वाटत नाही म्हणजे आपल्यात खोट आहे. आता याचा अर्थ कुणी 'नाही म्हणाली तरी सुरू करा, नंतर येईल' असा काढू नये. सुरुवातीला तयारी असणं आणि इच्छा असणं यात फरक आहे, आणि तयारीही नसेल तर विषय संपला.

मास्टर्स आणि जॉन्सन या अमेरिकन लैंगिक संशोधकांचा एक जुना व्यायाम पण आम्ही केला, 1970 पासून चालत आलेला. काही आठवडे फक्त एकमेकांना स्पर्श करायचा, आणि संबंध करायला चक्क बंदी. पहिल्या दिवशी दोघांनाही इतकं हसू आलं की काही झालंच नाही. पण बंदी असल्यावर परीक्षा उरत नाही, आज जमेल का ही धास्तीच जाते, आणि ती धास्ती हाच कितीतरी पुरुषांचा खरा आजार असतो. बाकी, बायकांसाठी इच्छेची गोळी आहे म्हणे, तर आहे, फ्लिबॅन्सेरिन, 2015 मध्ये अमेरिकेत मंजूर झाली, रोज रात्री घ्यायची, आणि चाचण्यांमध्ये नुसत्या साखरेच्या गोळीपेक्षा फरक किती, तर महिन्याला साधारण अर्धा ते एक जास्तीचा चांगला प्रसंग. कडीने त्याहून जास्त काम केलं.

हे सगळं आपल्याच नशिबी आलंय असं मला वाटायचं. ब्रिटनमध्ये 16 ते 74 वयाच्या लोकांचा मोठा सर्व्हे झाला होता, त्यात आधीच्या वर्षभरात निदान 3 महिने संबंधात इंटरेस्ट नव्हता असं 15 टक्के पुरुषांनी आणि 34 टक्के बायकांनी सांगितलं. म्हणजे दर तीन बायकांमागे एक. आणि यातल्या सगळ्यांना आजार आहे असंही नाही, डॉक्टर लोक साधारण 6 महिने टिकलेलं आणि त्या माणसाला स्वतःला त्रास देणारं असेल तरच त्याला आजार म्हणतात. आठवड्याला अमुक वेळा हा आकडा कुठेही लिहिलेला नाही. ज्याला इच्छा नाही आणि त्याचं काही वाटतही नाही त्याला लोकांनी औषध सुचवायला जाऊ नये. खटका उडतो तो दोघांच्या इच्छेत फार अंतर पडलं की, आणि तिथे चांगला समुपदेशक लागतो, मैत्रिणीचा सल्ला नाही.

तुम्हाला विनंती एवढीच की पुढच्या वेळी असा लेख छापाल तेव्हा दिव्यांच्या आधी औषधांची चौकट टाका. आणि तुमचा पेपर डॉक्टरही वाचतात, त्यांना सांगा की गोळी लिहून देताना ते एक वाक्य आपणहून बोला. आमच्याकडून ते निघत नाही, आम्ही पेपरवेटकडे बघत बसतो.

पत्र छापलंत तर नाव-गाव घालू नका, 'एक वाचक' चालेल. नवऱ्याला वाचायला दिलं होतं, त्याची हरकत नाही. फक्त एक दुरुस्ती सुचवली त्याने: दोन वर्षं नव्हे, 19 महिने.

एक वाचक