नोटीस निघणे म्हणजे दिलासा नव्हे

मा. संपादक,

‘गुन्हा रद्द करण्यासाठी हायकोर्टात धाव, दिलासा मिळाला’ असे मथळे वाचून आरोपी व त्याचे घरचे निर्धास्त होतात. प्रत्यक्षात त्या दिवशी न्यायालयाने बहुधा प्रतिवादींना नोटीस काढून पुढची तारीख दिलेली असते. नुसता अर्ज दाखल झाल्याने काहीच थांबत नाही. अंतरिम आदेश नसेल तर तपास अधिकारी अटक करू शकतो, दोषारोपपत्रही दाखल करू शकतो. ‘निहारिका इन्फ्रास्ट्रक्चर विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ या 2021 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने बजावले आहे, की ‘कठोर कारवाई करू नये’ असे आदेश सरसकट देऊ नयेत. द्यायचेच तर कारणे नोंदवावीत. म्हणून अटकेची भीती असेल तर सत्र न्यायालयात अटकपूर्व जामिनाचा अर्ज वेगळा करावाच लागतो.

इथेच कलमांचा घोळ होतो. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत गुन्हा रद्द करण्याचा अर्ज कलम 482 खाली होई. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत तो अधिकार कलम 528 मध्ये गेला आणि 482 हा आकडा नेमका अटकपूर्व जामिनाला मिळाला. जुना मसुदा उचलून फक्त कायद्याचे नाव बदलले, तर अर्जाचा अर्थच बदलतो.

फिर्यादीतला शब्द न् शब्द खरा धरला तरी गुन्हा होतो का, एवढेच उच्च न्यायालय या टप्प्यावर पाहते. गुन्हा कधी रद्द करता येतो याचे सात प्रकार सर्वोच्च न्यायालयाने भजनलाल प्रकरणात सांगितले, त्यांतले बरेचसे याच कसोटीभोवती आहेत. ‘मी त्या दिवशी गावात नव्हतो’ हा बचाव खटल्यात साक्षीपुराव्याने सिद्ध करायचा असतो. ज्याबद्दल वादच होऊ शकत नाही असा कागद असेल तरच तो इथे चालतो. फसवणुकीच्या गुन्ह्यात सुरुवातीपासून फसवण्याचा हेतू लागतो. तीन वर्षे माल घेतला, बिले चुकती केली आणि शेवटची थकली, असे फिर्यादीतच असेल तर तो दिवाणी वाद आहे. अशा वेळी खातेउतारा व बँकेची विवरणपत्रे जोडावीत. व्हॉट्सअ‍ॅपचे दोनशे स्क्रीनशॉट जोडू नयेत. त्यांतून वादाचे मुद्दे वाढतात आणि ‘हे खटल्यात पाहू’ असे म्हणायला जागा मिळते.

सासरच्या छळाच्या गुन्ह्यात सगळ्या कुटुंबाचा एकच मोघम अर्ज करणे ही फार महागात पडणारी चूक. कहकशां कौसर प्रकरणात (2022) सासरच्या नातेवाइकांवरील मोघम आरोप पुरेसे नाहीत असे ठरले. त्यामुळे परगावी नांदणाऱ्या नणंदेबद्दल फिर्यादीत नेमके कोणते वाक्य आहे, हे तिच्या स्वतंत्र परिच्छेदात दाखवले पाहिजे. पतीवर तारीख-वारासह आरोप असतील तर त्याच्यापुरता अर्ज मागे घेऊन बाकीच्यांचा चालवणे शहाणपणाचे.

तडजोड झाली असेल तर वाट वेगळी. ग्यान सिंग निकालानुसार (2012) आपसात मिटवता न येणारा गुन्हाही उच्च न्यायालय रद्द करू शकते. मात्र खून, बलात्कार, दरोडा, लाचखोरी यांत नाही. तक्रारदाराचे प्रतिज्ञापत्र हवे, ओळखपत्रासह त्याची हजेरी हवी. ठरलेली रक्कम अर्धी बाकी ठेवून तारीख घेतली, की तडजोड तिथेच अडते.

अर्ज प्रलंबित असताना दोषारोपपत्र आले तर अर्ज निरर्थक ठरत नाही. पण दुरुस्तीची परवानगी घेऊन दोषारोपपत्रालाही आव्हान द्यावे आणि त्यातले जबाब जोडावेत. हे राहून गेले की सुनावणीत पहिला प्रश्न त्यावरच येतो.

सातारा, सांगली, सोलापूर, कोल्हापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गच्या पक्षकारांना 18 ऑगस्ट 2025 पासून मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूरचे सर्किट बेंच जवळ आले आहे, त्यामुळे असे अर्ज वाढतील. बातमी देताना नोटीस निघाली, अंतरिम स्थगिती मिळाली की गुन्हा रद्द झाला, हे आपल्या वार्ताहरांनी मथळ्यातच स्पष्ट करावे, ही कळकळीची विनंती.

आपला,
एक फौजदारी वकील, सातारा