कापूस भरलेल्या खोलीत गॅसचा हिटर नको

संपादक साहेब, स.न.वि.वि.

आम्ही अकोट तालुक्यातले, सातपुड्याच्या पायथ्याशी आमचं गाव. डिसेंबर-जानेवारीत पहाटेची थंडी म्हाताऱ्या माणसाला लय जाचते. माझ्या बाबांना दमा आहे, कोळशाच्या शेगडीचा धूर त्यांना सोसत नाही, म्हणून यंदा भिंतीवर लावायचा गॅसचा हिटर आणला. दुकानातलाच पोरगा लावायला आला. मातीच्या भिंतीत लाकडाच्या खुट्या ठोकून त्यावर हिटर अडकवला, सिलेंडर खाटेशेजारी ठेवला आणि जाताना बाबांना म्हणाला, "काकाजी, खिडकी बंद ठेवजा, गरमी टिकते."

सकाळी बाबांचं डोकं ठणकत होतं अन् मळमळत होतं. बाहेर ओसरीत आणून बसवलं तर तासाभरात बरं वाटलं, तरी दवाखान्यात नेलंच. डॉक्टरांनी पहिलाच प्रश्न विचारला, खोली बंद होती का?

मग मी हिशोब केला. आपल्या सिलेंडरमधला गॅस म्हणजे प्रोपेन आणि ब्युटेनचं मिश्रण, एक किलो जळायला साधारण १२-१३ घनमीटर हवा लागते. ३ किलोवॅटचा हिटर तासाला पाव किलोच्या आसपास गॅस खातो, म्हणजे ८ तासात २ किलो आणि त्याला २५ घनमीटर हवा. आमची खोली १० बाय १०, उंची १० फूट, तिच्यात सगळी मिळून हवा २८ घनमीटर! हवा कमी पडली की गॅस नीट जळत नाही आणि कार्बन मोनॉक्साइड तयार होतो, त्याला ना वास ना रंग. गॅस गळतीचा वास येतो तो मुद्दाम मिसळलेला असतो, पण या विषारी वायूला तसलं काही नसतं, झोपलेल्या माणसाला कळतही नाही.

दुसरी गोष्ट कापसाची, आणि ही मला जास्त सतावते कारण भाव वाढेल म्हणून आपण सगळेच कापूस घरात भरून ठेवतो, झोपायच्या खोलीतसुद्धा, आमच्याही घरी आढ्याला टेकेल एवढा ढीग होता आणि हिटर त्याच्यापासून चार हातांवर. एक ठिणगी पुरे होती.

नंतर गॅस एजन्सीच्या मेकॅनिकला बोलावलं. तो म्हणाला मातीच्या किंवा कुडाच्या भिंतीवर हे लावायचंच नाही, पक्क्या विटांच्या भिंतीत बोल्ट टाकून बसवा. आधी कापूस दुसऱ्या खोलीत हलवायला लावला. समोर तीन फूट तरी मोकळं पाहिजे आणि पडदा, गोधडी, दोरीवरचे कपडे जवळ नकोत. हिटरच्या पाटीवर कोणता गॅस अन् किती प्रेशर ते लिहिलेलं असतं, रेग्युलेटर त्याच्याशी जुळला पाहिजे. सिलेंडर उभा आणि जमिनीवरच, पण खोलीबाहेर, हवेशीर जागी, कारण हा गॅस हवेपेक्षा जड असतो, गळाला तर खाली साचतो. रबरी नळी आयएसआय मार्कची, दर ५ वर्षांनी बदलायची, आणि प्रत्येक जोडावर साबणाचा फेस लावून बुडबुडे येतात का बघायचं. काडी पेटवून तर कधीच बघायचं नाही! खोलीला खाली एक आणि वर एक अशी दोन भोकं पाडली, ती आम्ही चिंध्या कोंबून बुजवत नाही. ज्योत निळी पाहिजे, पिवळी झाली किंवा भिंतीवर काजळी धरली तर हिटर बंद करून माणूस बोलवायचा. आम्ही तर झोपायच्या आधीच हिटर बंद करतो, तोवर खोली गरम झालेली असते, मग गोधडी पुरते.

माझी मागणी एवढीच की हिटर विकणाऱ्यांनी लावायची माहिती मराठीत द्यावी, आमच्या खोक्यातलं पुस्तक सगळं इंग्रजीत होतं, बाबा तर सोडा मलाही अर्धं कळलं नाही. आणि लावायला शिकलेला माणूस पाठवावा, पोरगा नको. तुमच्या पेपरातही थंडी संपायच्या आत हे एकदा ठळक छापा आणि सोबत १९०६ हा गॅस गळतीचा नंबर द्या, आमच्या गावात दहा जणांना विचारलं तर एकालाही तो माहीत नव्हता.

आपला,
एक शेतकरी वाचक, ता. अकोट, जि. अकोला